कणभर सरकलेली काडी

३ मार्च

खुंटी,

वर आशीर्वाद लिहिला नाही, तो विसरलो म्हणून नव्हे. तो तुला हवा आहे की नको, हे दोन वर्षांत कळायला काही मार्ग नव्हता. हवा असला तर आहे असं समज.

पत्र पाहून तुला वाटेल, म्हातारा नरमला. तसं काही नाही. मला एक गोष्ट विचारायची आहे आणि ती सरळ विचारतो. खालच्या कारखान्याची किल्ली तुझ्याकडे अजून आहे का? असली तर या दोन वर्षांत ती कुणाच्या हाती दिलीस का?

इथे काहीतरी काळंबेरं चाललंय. खिडकीजवळच्या तारेवर माझ्या हातच्या पाच व्हायोलिनी टांगलेल्या आहेत, पाचही तू गेल्यानंतरच्या. बनवून झाल्या तेव्हा बऱ्या वाटल्या होत्या, मी स्वतः वाजवून पाहिल्या होत्या. मग महिना-दोन महिने गेले की वरच्या तारेचा आवाज कुणी फडक्याने पुसून न्यावा तसा जातो. मी त्या पुन्हा उघडून पोट, म्हणजे वरची फळी, आतून थोडं थोडं खरवडलं, म्हटलं जरा मोकळ्या होतील. उलट आवाज आणखी बोदा झाला. एखादी बिघडली तर समजू शकतो, लाकूड आहे, हवा आहे. पण पाचच्या पाच? कुठेतरी पाणी मुरतंय.

आणि याची सुरुवात लंबूच्या व्हायोलिनीपासून झाली. ती गोष्ट पुन्हा काढणार नव्हतो, पण राहवत नाही. लंबू, म्हणजे आपला तो उंच वादक, त्या दिवशी अकरा वाजता ती न्यायला येणार होता. माझ्या आयुष्यातलं सगळ्यात चांगलं काम होतं ते. मी आठवडाभर लाकूड बघायला बाहेरगावी गेलो होतो. परत आलो, गज फिरवला, तर वरची तार मुकी. दातांच्या डॉक्टरकडे असतो तसला आरसा भोकातून आत घातला. पोट आणि पाठ यांच्यामध्ये पेन्सिलीएवढी काडी उभी असते, जिच्यावर सगळा आवाज पेललेला असतो, ती कणभर सरकलेली होती. शिवाय ती काडी माझी नव्हती. किंचित आखूड होती आणि टोकं तू तासतेस तशी तासलेली होती. मीच शिकवलंय, मला ओळखू येणार नाही?

मी विचारलं, "काडीला हात लावलास?" तू म्हणालीस, "हो." मी विचारलं, "का?" तर मूग गिळून बसलीस. त्यानंतर मी काय काय बोललो ते मला आठवतं. माझ्या नावावर जळतेस, असंही बोललो. दोन तासांत तुझी पेटी भरून झाली होती. तू गेलीस, आणि आता परक्या गावात, परक्या माणसाच्या दुकानात तुटक्या व्हायोलिनी जोडत बसतेस असं ऐकतो.

आणि गंमत बघ, लंबूने ती तशीच नेली. दोन मिनिटं वाजवली आणि म्हणाला, "ही तर बोलते." तेव्हाच ओळखलं, की याचे कान गेलेत.

आत्या बरी आहे. हल्ली प्रत्येक गोष्ट ओरडून बोलते. वय झालं तिचं. किल्लीचं कळव.

बाबा


१९ मार्च

खुंटी,

किल्ली पोचली. वहीच्या कागदात गुंडाळलेली, कागद दोन्ही बाजूंनी कोरा. काही लिहून पुसलं आहे का, म्हणून उजेडात धरून पाहिला. काही नाही.

आता तू म्हणशील, किल्ली दिली, विषय संपला. पण किल्लीची नक्कल करून घ्यायला किती वेळ लागतो? हिच्यावर ताजे ओरखडे आहेत. पिशवीत इकडेतिकडे घासून पडलेही असतील, मी नुसतं लिहितोय.

तोवर मी इथला बंदोबस्त केला. पाचही व्हायोलिनींत काडीच्या पायाभोवती पेन्सिलीची बारीक खूण केली. भोकातून पेन्सिल घालून खूण करायची म्हणजे काय काम आहे ते तुला माहीत आहे, एकेकीला अर्धा तास गेला. मग जेवायला वर जाताना सरसाच्या भांड्यापासून दारापर्यंत खडूची पूड पसरून जाऊ लागलो. तिसऱ्या दिवशी पुडीत पावलं सापडली. डावा अंगठा बाहेर वळलेला. तुझी आत्या.

मी तिला तिथल्या तिथे धरलं. म्हणाली, "दादा, इथली सरसाच्या पाण्याची किटली कधीची शिट्टी मारत होती. वरपर्यंत ऐकू येत होती. पाणी आटून बूड लाल झालं होतं तिचं." मी त्या वेळी जेवून मागच्या अंगणात फळ्या उलट्यापालट्या करत होतो. मध्ये नुसतं एक दार, तेही उघडं. शिट्टीबिट्टी काही वाजलेली नाही. ती किटलीच भिकार आहे, आणली त्या दिवसापासून एकदाही वाजली नाही. मी तसं म्हटलं तर ती माझ्याकडे नुसती बघत राहिली आणि वर निघून गेली. खरं बोलणारं माणूस असं बघतं का?

पेन्सिलीच्या खुणा तपासल्या. पाचही काड्या जागच्या जागी, केसभर हललेल्या नाहीत. आणि आवाज तरी बोदाच. म्हणजे जो कोण आहे तो माझ्यापेक्षा हुशार आहे. काडीला हात न लावता व्हायोलिन मुकी करतो.

लाकूडवाल्यावरही माझी नजर आहे. पूर्वी खणखणीत बोलायचा, हल्ली तोंडातल्या तोंडात बोलतो. मन खात असलं की माणूस असंच बोलतो. जुनं, वाळलेलं म्हणून कच्चं लाकूड गळ्यात मारत असेल. अंगणात चिमण्या येतात, पण नुसत्या चोची हलवत बसतात. त्यांनाही कुणी पढवलंय की काय कोण जाणे.

बाकावर सध्या सहावी आहे. तिच्या पोटाची फळी कानाशी धरून बोटाने ठोकतो, तर ठण्ण यायला हवं तिथे ठप्प येतंय. म्हणून आणखी थोडं खरवडलं. काल पुन्हा थोडं. आता फळी खिडकीकडे धरली की पलीकडची माझी बोटं लालसर दिसतात. दिसायला फार सुंदर. आवाज तेवढा येत नाही.

पुढच्या वेळी कोरा कागद पाठवू नकोस. शिव्या दे हवं तर.

बाबा


८ एप्रिल

खुंटी,

आता सगळं उलगडलं. बस आणि वाच.

काल लंबू आला. बाकावरून मान वर केली तर हा समोर उभा. म्हटलं, घंटा कशाला लावलीय दाराला? तर तीन बोटं दाखवतो. म्हणे तीनदा वाजवली. बरं.

व्हायोलिन घेऊन आला होता. कडेला बोटभर लांबीचा सरस सुटलाय, महिनाअखेरीला त्याचा कार्यक्रम आहे. म्हणाला, "कडा तेवढी चिकटवून द्या. आवाजाला हात लावू नका." मी म्हटलं, "बनवली कुणी?" म्हणाला, "तुम्हीच. तरी हात लावू नका." मग आणखी काही पुटपुटला. मी म्हटलं, काय? पुन्हा पुटपुटला. शेवटी माझ्याच बाकावरचा कागद ओढला आणि त्यावर लिहिलं, मोठ्या अक्षरांत, लहान मुलासाठी लिहावं तसं: दरवर्षी तुमच्या मुलीकडून तपासून घेतो, ती म्हणाली आहे की पोट उघडू देऊ नका.

असं आहे तर. दोन वर्षं मला तुझी खुशाली पोस्टमनकडूनही कळत नाही, आणि हा माणूस दरवर्षी तुझ्या दारात.

जाताना जिन्यापाशी त्याला आत्या भेटली. मला खिडकीच्या काचेत दोघं दिसत होते. ओठ हलत होते, हात हलत होते, आवाजाचं नाव नाही. कुजबुज याला म्हणतात. आत्याने डोळे पुसले आणि माझ्या खोलीकडे बोट दाखवलं.

म्हणजे तुम्ही तिघं आहात. मी आपला लाकूडवाल्यावर पाळत ठेवत बसलो.

आता तुला एकच विचारतो. माझ्या व्हायोलिनीत काय केलंस? काडी सरकवलीस तेवढं मला दिसलं. न दिसलेलं काय आहे? पोट उघडू देऊ नका म्हणतेस, म्हणजे तू ते उघडलं होतंस. मी त्या आठवड्यात नव्हतो, तुला रान मोकळं होतं. काय खरवडलंस आतून? माझी सगळ्यात चांगली व्हायोलिन होती ती. एवढा राग होता माझा, तर मला बोलायचं होतंस, तिने तुझं काय घोडं मारलं होतं?

ती मी उघडणार आहे. आपण सरस वापरतो तो याचसाठी, की पुढेमागे गरज पडली तर उघडता यावी. आणि जो उघडतो त्याने आत पेन्सिलीने स्वतःचं नाव आणि तारीख लिहायची, ही आपल्या धंद्यातली रीत. माझ्या गुरूने मला लावली, मी तुला. पन्नास वर्षांनी कुणी उघडली तरी त्याला कळलं पाहिजे, आधी कुणाचा हात लागलाय. तुझं नाव आत असलं तर निदान तू उजळ माथ्याने केलंस म्हणेन. नसलं तर काय म्हणेन ते तूच ठरव.

बाबा


१२ एप्रिल

खुंटी,

दोन वर्षांनी तुझं अक्षर पाहिलं, आणि ते असं: "बाबा, उघडू नका. कडा चिकटवा आणि त्याला देऊन टाका. एवढं माझं करा."

ज्याच्याकडे लपवायला काही नसतं तो उघडू नका म्हणत नाही.

सुरी गरम पाण्यात टाकली आहे.

बाबा


१६ एप्रिल

खुंटी,

चार दिवस पत्र लिहायला बसतोय आणि उठतोय. आज दार लावून बसलो आहे. जसं झालं तसं लिहितो.

त्याच दुपारी उघडली. कडेतून सुरी सरकवली. सरस सुटताना कट्ट कट्ट वाजतो, तुला आठवत असेल, लहानपणी तू त्या आवाजाला खिदळायचीस. बाकावर बसून व्हायोलिनीच्या खुंट्या चोखायचीस आणि प्रत्येक कट्टला हसायचीस, तेव्हापासून तू खुंटी. या वेळी तो आवाज आला नाही. मुठीला झटके लागत होते, बोटांना कळत होतं की सरस सुटतोय, आणि कानाला काहीच नाही. नवा सरस भेसळीचा असेल, असं म्हणून मी पुढे गेलो. तिथवर आलो होतो तरी माझं तेच चाललं होतं.

पोट उचललं, उलटं केलं. आधी पेन्सिलीची ओळ दिसली. तुझं अक्षर. नाव नव्हतं. लिहिलं होतं, "बाबांच्या सांगण्यावरून", आणि खाली तारीख, मी बाहेरगावी होतो त्या आठवड्यातली.

मी एकटाच ओरडलो, खोटारडी म्हणून. मी असलं काही सांगितलेलं नव्हतं. मग चष्मा पुसला आणि ती ओळ कशावर लिहिली आहे ते पाहिलं.

ती ठिगळावर होती. तळहाताएवढं ठिगळ, पोटाच्या बरोबर मधोमध, काडी टेकते तिथपासून तारा पेलणाऱ्या घोडीच्या पलीकडपर्यंत. दोन्ही लाकडांच्या रेषा अशा जुळवल्या होत्यास की आरशातून जोड कुणाला दिसला नसता. मला दिसला नाहीच. कडेला नखही अडकत नाही. असं ठिगळ मला माझ्या चांगल्या दिवसांतही जमलं असतं की नाही, शंका आहे. आणि हे तू आठवड्यात केलंस, माझ्या पाठीमागे, व्हार्निशला ओरखडा न पाडता.

धड व्हायोलिनीला कुणी ठिगळ लावत नाही. म्हणून जाडी मोजायचं यंत्र काढलं. ठिगळाच्या बाहेर पावणेदोन मिलिमीटर. एका जागी दीड. अडीचच्या खाली गेलीस तर हात तोडीन, असं मी तुला म्हणायचो, तो मी.

तरीही एक क्षण मनात आलं, की तूच खरवडलं असशील आणि मग घाबरून ठिगळ लावलं असशील. माझं मन असं आहे, तुला ठाऊक आहे. मग फळी तिरपी करून उजेडात धरली. माझ्या खरवडायच्या पत्र्याच्या एका कोपऱ्याला खाच आहे. ती प्रत्येक फटक्याबरोबर केसासारखी रेघ ओढते, आणि मी डावखुरा, म्हणून रेघा उलट्या कलतात. सगळ्या फळीभर त्या रेघा होत्या. तुझ्या ठिगळाच्या कडेपर्यंत येत होत्या आणि तिथे थांबत होत्या.

त्या सकाळी काडी आखूड आहे हे मी आरशात पाहिलं होतं. का आखूड आहे, हे विचारलं नाही. पोट आतून जाड झाल्याशिवाय काडी आखूड लागत नाही, हे पहिल्या महिन्याच्या शिकाऊ माणसालाही सुचलं असतं. मला चोर सापडला होता, मग कारण कशाला शोधू?

तारेवरच्या पाचही मोजल्या. बाकावरची सहावीही मोजली. सगळ्यांची पोटं कागद झाली आहेत. आवाज येत नाही म्हणून खरवडलं, तरी येईना म्हणून आणखी खरवडलं, आणि तो त्यांच्यातून कधी गेलाच नव्हता.

मग मी वर गेलो. आत्या भाजी चिरत होती. मी विचारलं, "माझे कान गेलेत का?" ती काहीतरी बोलली. मी म्हटलं, "जरा मोठ्याने बोल." ती म्हणाली, "दादा, दोन वर्षं मी ओरडतेच आहे."

तिने खालची किटली आणून चढवली. आम्ही दोघं समोर बसलो. वाफ यायला लागली, मग जोरात यायला लागली. मी शिट्टीकडे बघत होतो. आत्याने सुरी खाली ठेवली आणि दोन्ही हातांनी कान झाकले. मी बोट पुढे नेऊन शिट्टीला टेकवलं. भाजलं, पण ती थरथरत होती, चांगली जोरात थरथरत होती. किटली भिकार नव्हती.

त्यानंतर तिने सगळं सांगितलं, एकेक वाक्य कानाशी येऊन. तू तिला शपथ घातली होतीस. म्हणालीस, कान गेले हे कळलं तर बाबा हत्यारं खाली ठेवतील आणि नुसते बसून राहतील. त्यापेक्षा माझ्यावर रागावू देत, रागाच्या भरात काम तरी करतील. असं म्हणालीस ना? आत्या खोटं बोलत असेल असं या वेळी माझ्या मनातही आलं नाही.

तू नुसतं "हो" म्हणालीस. पुढचं बोलली असतीस तर माझ्या कानांचा विषय काढावा लागला असता, माझी व्हायोलिन मीच बिघडवली हेही सांगावं लागलं असतं. आणि आत नाव न लिहिता माझ्या सांगण्यावरून लिहिलंस, म्हणजे पुढे कुणी उघडली तर त्याने म्हणावं, म्हाताऱ्याने स्वतःची चूक स्वतः ओळखली, शहाणा होता. माझी अब्रू राखायला तू आपल्या धंद्यातली रीत मोडलीस. आणि मी तुला माझ्या नावावर जळतेस म्हणालो.

मला रडू आलं, खुंटी. आवाज झाला असेल तर तो आत्याने ऐकला असेल.

बाबा


२३ एप्रिल

खुंटीस अनेक आशीर्वाद. हवेत की नकोत, हे या वेळी विचारत नाही.

कानाच्या डॉक्टरकडे जाऊन आलो. आधी वाटलं, हाही तोंडातल्या तोंडात बोलतोय. त्याने एक आलेख काढून दाखवला. खालचे आवाज बरे आहेत, वर जाता जाता रेघ घसरत जाते आणि व्हायोलिनीच्या वरच्या तारेपाशी तळाला लागते. यंत्र देणार आहे. त्याने माणसांचं बोलणं कळेल म्हणतो. काडी बसवण्याइतकं कळणार नाही, हे त्याला कुठून ठाऊक असणार, ते मला ठाऊक आहे.

लाकूडवाल्याची माफी मागितली. कशाबद्दल ते त्याला कळलं नाही, पण त्याने ती घेतली.

हात माझे अजून थरथरत नाहीत. मापाला आता यंत्र आहे, कानाच्या भरवशावर एक फटका मारणार नाही. पाच टांगलेल्या आणि एक बाकावरची, अशी सहा ठिगळं कापायची आहेत. लाकूड निवडून ठेवलंय. तुझ्यासारखं बसेल असं नाही, पण प्रयत्न करीन. त्यांच्या काड्या मात्र मी बसवणार नाही. तिथे कान लागतात.

लंबूची व्हायोलिन उघडीच ठेवली आहे. तीस तारखेला त्याला हवी आहे. तुझ्या ओळीखाली मी पेन्सिलीने लिहिलं आहे: "मी सांगितलं नव्हतं. चूक माझी, दुरुस्ती मुलीची." त्याच्यापुढे जागा सोडली आहे. तिथे तुझं नाव हवं, आणि ते मी लिहायचं नाही, ज्याने उघडली त्यानेच लिहायचं. ते लिहिलं गेल्याशिवाय मी सरस गरम करणार नाही. लंबूला तसं सांगितलं. तो मोठ्याने "बरं" म्हणाला, बहुतेक.

तू येशीलच असं नाही. मी जे बोललो ते कुणीही इतक्यात विसरणार नाही. येणार नसलीस तर तसं कळव, मी कसलाही संशय घेणार नाही. आला मनात, तरी लिहिणार नाही.

सोबत किल्ली पाठवतोय. दाराशी घंटा वाजवत उभी राहू नकोस. मला ऐकू येत नाही.

बाबा